पेव उघडलं त्या दिवशी

"हवा खाऊ दे त्याला," दादा म्हणाले आणि त्यांनी पहार भिंतीला टेकवली. "उद्या सकाळपतूर कुणी जवळ जायचं न्हाई. आई, तुझ्या सुनंला सांग, कोंबडीबी फिरकू दिऊ नगंस."

सून म्हणजे मी. उंबऱ्याच्या आत, डोक्यावर पदर घेऊन, दादांपासून चार हातांवर उभी होते. त्यांचं बोलणं मला स्वच्छ ऐकू येत होतं. पण थोरल्या दिरानं धाकट्या भावजयीशी थेट बोलायचं नाही आणि तिनंही त्याच्यासमोर तोंड उघडायचं नाही, ही आमच्या घरची रीत. त्यामुळं माझ्यासाठीचा प्रत्येक निरोप सासूबाईंमार्फत यायचा. त्यांना मी आत्या म्हणत असे. आत्यांनी मान वळवली आणि मला म्हणाल्या, "ऐकलंस न्हवं? कोंबडी."

मी मान डोलावली. लग्नाला दोन वर्षं झाली होती आणि या घरात मी जे काही बोलत होते ते बहुतेक मानेनंच.

पेव म्हणजे काय ते आताच्या पोरांना सांगावं लागतं. अंगणात मुरमाच्या जमिनीत खणलेला खड्डा, वर तोंड एका माणसापुरतं आणि खाली पोट खोलीएवढं. आतून कडब्याचं अस्तर द्यायचं, ज्वारी ओतायची, तोंडावर फरशी ठेवून शेणामातीनं लिंपून टाकायचं. मग चार वर्षं बघायचं नाही. आमचं पेव आजेसासऱ्यांनी खणलेलं. त्याचे नियम दोनच. एकदा उघडलं की सगळं रिकामं करायचं, कारण हवा लागलेली ज्वारी पुन्हा टिकत नाही. आणि उघडल्यावर एक दिवस, एक रात्र तसंच सोडायचं. कोंडलेल्या धान्याची आत वाफ साठते. तिला रंग नसतो, ती दिसत नाही, पण आत गेलेला माणूस ओरडायच्या आधी खाली बसतो आणि पुन्हा उठत नाही. आमच्याच गावात एका पेवात बाप आणि लेक दोघं गेले होते. म्हणून उतरायच्या आधी जळता कंदील दोरीनं खाली सोडायचा. तो तळाशी जळत राहिला तर माणसानं जायचं, विझला तर थांबायचं.

ते पेव उघडायची वेळ आली होती. लागोपाठ दोन वर्षं रब्बी गेली होती. दुसऱ्या वर्षी तर पेरलेलं बीसुद्धा परत आलं नाही. जोडीतला एक बैल बाजारात गेला, दुसरा शेजारच्या गावच्या चारा छावणीत बांधला होता. दादांची बायको, आमच्या अक्का, दोन्ही पोरींना घेऊन रोज सकाळी रस्त्याच्या कामावर खडी फोडायला जायच्या. गावातलं हिंडतं फिरतं माणूस सगळं तिकडंच असायचं. घरातली कणगी महिन्याभरापूर्वी झाडून झाली होती, आणि आत्या भाकरीच्या पिठात घोळीची भाजी इतकी मिसळत होत्या की भाकरी थापताना हाताला हिरवं लागायचं.

आत्या तशा मनानं वाईट नव्हत्या. पण त्या दोन वर्षांत त्यांची जीभ फार तिखट झाली होती. दोन दिवसांपूर्वी त्यांनी मला कंदिलात रॉकेल ओतताना पाहिलं आणि सगळ्यांच्या देखत विचारलं, "का गं, तुझ्या बापाची तेलगिरणी हाय व्हय? काठोकाठ कशाला भरतीस?" माझे मालक, रेवण त्यांचं नाव, खाली मान घालून जेवत राहिले. दादा मात्र म्हणाले, "असू दे आई. उजेड तर घरातच पडतोय." त्यावर आत्या जे बोलल्या ते मी इथं लिहीत नाही. मी जन्माची भित्री. त्यानंतर दोन दिवस मला रॉकेलच्या डब्याला हात लावायचीही धास्ती वाटत होती.

तर दादांनी सकाळी पेव उघडलं आणि उद्यापर्यंत थांबायचं ठरलं. पण दुपार टळायच्या सुमाराला आत्या अंगणात उभ्या राहून वर बघू लागल्या. पश्चिमेकडून ढग चढत होता. काळा, गच्च.

"आता गं बाई," त्या म्हणाल्या. "दोन वरसं हाका मारल्या तवा आला न्हाईस. आन् आज आलास व्हय रं?"

आम्ही सगळेच वर बघत राहिलो. दोन वर्षं ज्याच्यासाठी देव पाण्यात घातले, त्याची त्या दिवशी आम्हाला भीती वाटत होती. फरशी पुन्हा ठेवता आली असती, पण लिंपण उकललं होतं आणि आमच्या अंगणाचा उतार नेमका पेवाकडे. एक चांगली सर आली असती तरी पाणी आत शिरलं असतं. भिजलेली ज्वारी दोन दिवसांत आंबते. ती आमच्या घरातली शेवटची ज्वारी होती. पुढच्या सुगीपर्यंत सात तोंडांना तेवढीच होती, आणि पुढची सुगी येणार होती असं कुणी सांगितलं होतं?

"सकाळधरनं उघडं हाय," रेवण म्हणाले. "सा-सात तास झालं. वाफ गेली असंल."

"कंदील सोडून बघू," दादा म्हणाले. "आई, कंदील आण म्हणावं."

मी कंदील पेटवून आणला. आत्यांनी तो माझ्या हातातून घेताघेता विचारलं, "तेल किती घातलंस?"

"बोटभर," मी हळूच म्हणाले.

दादांनी कंदिलाला दोरी बांधली. दोरी ती एकच. दुसरी चांगली दोरी बैलाबरोबर छावणीत गेली होती. कंदील पेवाच्या तोंडातून खाली जाऊ लागला, आतल्या भिंतीचा मुरूम पिवळा दिसला, मग कडब्याच्या काड्या दिसल्या. दादा वाकून बघत होते. कंदील ज्वारीवर टेकला न टेकला, तोच ज्योत आखडली आणि आत अंधार झाला.

"विझला," दादा म्हणाले.

दादांनी कंदील वर ओढला आणि जमिनीवर ठेवला.

"बोटभर तेलानं किती जळंल?" आत्या म्हणाल्या. "घाल गं अजून."

मी कंदील उचलून आत गेले. चुलीमागचा रॉकेलचा डबा आणला आणि सगळ्यांसमोर उपडा करून दाखवला. थेंबसुद्धा पडला नाही.

"संपलं बी?" आत्यांच्या कपाळाला आठ्या पडल्या. पण त्या पुढं बोलायच्या आत दूर कुठं तरी गडगडलं.

रेवणनी दोरी उचलली आणि कमरेला गुंडाळायला घेतली. "तेल न्हवतं म्हणून विझला. मी जातो. पाऊस याच्या आत निम्मी तरी काढू."

"आण हिकडं," दादांनी त्यांच्या हातातून दोरी काढून घेतली. "तुझं खांदं बघ केवढं हायत. तोंडात बुचावानी बसशील, मग आईला तुला पहारंनं काढावं लागंल."

रेवण हसले. आत्यासुद्धा हसल्या, कितीतरी दिवसांनी. दादांनी कमरेला दोरी बांधली, तोंडाच्या दोन्ही कडांवर हात टेकले आणि आत पाय सोडले. जाताना त्यांनी एकदा वर आभाळाकडे बघितलं.

"कसं हाय?" रेवणनी वरून विचारलं.

"आंबूस वास येतोय. बाकी बरं हाय," आतून आवाज आला. "दोरी सोडतो, पाटीला बांधतो. वर घ्या."

दोरी एकच, म्हणून माणसाची दोरी पाटीला. हे त्या वेळी कुणालाच वावगं वाटलं नाही. पहिली पाटी वर आली. ती निम्मीच भरली होती. ज्वारी पिवळसर झाली होती पण दाणा टणक होता. आत्यांनी मूठभर घेऊन तोंडात टाकली, चावली आणि डोळे मिटले. रेवणनी पाटी रिकामी करून पुन्हा खाली सोडली.

दोरी तशीच राहिली.

"दादा, भरली का?"

काही नाही.

"दादा?"

रेवण पालथे पडून तोंडातून आत बघू लागले. मीही वाकले. खाली फिकट ज्वारीवर काळं काहीतरी दिसत होतं. ती दादांची पाठ होती. ते पालथे पडले होते आणि त्यांचा एक हात पाटीत होता.

मला आजही नीट सांगता येत नाही की भीती म्हणजे काय वाटलं. हातपाय जागच्या जागी राहिले. रेवणनी दोरी बाजूला टाकली आणि तसेच आत उडी घ्यायला पुढं सरकले. आत्यांनी त्यांच्या दोन्ही पायांना मिठी मारली.

"सोड आई."

"न्हाई सोडणार."

"दादा मरंल गं."

"एक गेला तर गेला," आत्या म्हणाल्या. त्यांचा आवाज माणसाचा वाटत नव्हता. "दुसरा न्हाई देणार मी. मला मार, मग जा."

रेवण पाय सोडवत होते, आत्या सोडत नव्हत्या, आणि खाली दादा तसेच पडले होते. गल्लीत चिटपाखरू नव्हतं. हाक मारली असती तरी कामावरच्या माणसांना यायला अर्धा तास लागला असता.

"मी उतरते," मी म्हणाले.

ते दोघं एकदम थांबले. आत्या माझ्याकडे अशा बघत होत्या, जणू भिंत बोलली.

"तुमी दोघं वडा," मी रेवणना म्हणाले. "तुमी आत गेलात तर दोघांना वर कोण काढणार? माझं वजन न्हाई. आन् मला दम धरता येतो."

ते खरं होतं. माझं माहेर भीमेच्या काठावर. पोरपणी आम्ही डोहात बुडी मारून तळाची माती मुठीत घेऊन वर यायचो, आणि काठावरची पोरं आकडे मोजायची. मला साठपर्यंत दम धरता यायचा. पण ती नदी होती. तिथं वर उजेड असायचा.

आत्या उठल्या. त्यांनी आत धाव घेतली आणि आपली पत्र्याची पेटी उघडली. त्या पेटीला त्या कुणाला हात लावू देत नसत. बाहेर आल्या तेव्हा त्यांच्या हातात इरकली लुगडं होतं, नऊवारी, घडीसुद्धा मोडलेली नव्हती. रेवणनी त्याचा पीळ घातला आणि एका टोकाला सरकता फास केला, आडातून घागर काढायला करतात तसा. वर ओढली की आवळणारी गाठ. दोरी वर ओढून पाटी सोडवली आणि ती दोरी त्यांनी माझ्या कमरेला आणि काखेतून बांधली. गाठ दोनदा सुटली. आत्या घोंगडं घेऊन पेवाच्या तोंडात खालीवर झटकत होत्या, वाफ बाहेर यावी म्हणून.

"फास त्येच्या काखंखालनं घाल," रेवण म्हणाले. "झालं की दोरीला हिसका दे. न्हाई झालं तरी दे. ऐकतीस न्हवं? न्हाई झालं तरी दे."

मी काष्टा घट्ट खोचला. लुगड्याचा फास हातात घेऊन तोंडाशी बसले, तीन वेळा पोटभर श्वास घेतला, चौथा घेतला आणि कोंडून धरला.

आत उतरताना मुरमाच्या भिंती दोन्ही खांद्यांना लागल्या. मग त्या एकदम दूर गेल्या आणि मी अंधारात लोंबकळू लागले. ऊबदार होतं. भिजलेल्या पिठासारखा वास असावा असं नाकाला वाटलं, पण मी श्वास घेत नव्हते. पाय ज्वारीत गेले, पोटऱ्यांपर्यंत. मी मनात आकडे मोजत होते. आठ. नऊ.

दादांच्या खांद्याला हात लावला. अंग गरम होतं. ते जिवंत आहेत की नाहीत हे बघायला वेळ नव्हता आणि मला बघायचंही नव्हतं. त्यांना उताणं करायला गेले तर पायाखालची ज्वारी सरकली आणि मीच त्यांच्या अंगावर पडले. सतरा, अठरा. नदीत माणूस हलकं होतं, इथं दादांचं डोकं दगडासारखं जड लागत होतं. एका हातानं डोकं उचललं, दुसऱ्यानं फास गळ्यातून खाली घेतला. एक हात फासातून काढला. दुसरा हात सापडेना. तो त्यांच्या अंगाखाली अडकला होता. तीस. एकतीस.

तेव्हा मला वाटलं, सोडून द्यावं आणि हिसका द्यावा. अगदी स्पष्ट वाटलं. वर जाऊन म्हणायचं, झालं नाही. कोण विचारणार होतं?

मी गुडघा त्यांच्या छातीखाली सरकवला आणि हात ओढला. तो निघाला. फास काखेखाली गेला. चव्वेचाळीस की चौपन्न, आकडे माझे चुकले होते. छाती फुटायला आली आणि माझ्या तोंडानं माझं न ऐकता श्वास घेतला. एकच. लगेच डोळ्यांसमोर पिवळं पिवळं दिसू लागलं. मी दोरीला हिसका दिला की नाही ते मला ठाऊक नाही. रेवण म्हणतात दिला. आत्या म्हणायच्या, दिला नाही, मीच रेवणला म्हटलं वढ.

मी अंगणात पडून ओकत होते तेव्हा ते दोघं लुगडं ओढत होते. पेवाच्या तोंडाशी दादांचे खांदे अडकले. लुगडं कुठंतरी टरकलं, तो आवाज आला. मी रांगत गेले, आत हात घातला आणि दादांचं मनगट धरून वर खेचलं. थोरल्या दिराला मी पहिल्यांदा हात लावला तो त्या दिवशी.

दादांचे ओठ काळेनिळे झाले होते. आत्यांनी त्यांचं डोकं मांडीवर घेतलं, दगडावर कांदा फोडून नाकाशी धरला. रेवण सुपानं वारा घालत होते आणि "दादा, दादा" म्हणत होते, लहान पोरासारखं. किती वेळ गेला कोण जाणे. मग दादांच्या छातीतून घरघर आली, ते खोकले, आणि एका कुशीवर वळून त्यांनी ओकारी काढली. डोळे उघडले तेव्हा त्यांनी पहिल्यांदा ढगाकडे बघितलं.

"पडला का?" त्यांनी विचारलं.

पडला नाही. एक थेंबही पडला नाही. ढग तसाच पूर्वेकडे निघून गेला आणि संध्याकाळी लख्ख ऊन पडलं. आम्ही पेव पुढं तीन दिवस उघडं ठेवलं. वरची वीतभर ज्वारी काळी निघाली, बाकी सगळी चांगली होती. त्या ज्वारीवर आम्ही पुढचं वर्ष काढलं, आणि पुढच्या वर्षी पिकलं.

त्या संध्याकाळी अक्का पोरींना घेऊन कामावरून परत आल्या. वाटेतच कुणीतरी सांगितलं होतं. त्यांच्या हातांना खडीची पांढरी धूळ तशीच होती. त्या दादांकडे गेल्या नाहीत. सरळ माझ्यापाशी आल्या आणि त्यांनी माझ्या पायांवर डोकं ठेवलं. त्या माझ्याहून बारा वर्षांनी मोठ्या. मी पाय ओढून घेत राहिले आणि त्या सोडेनात. मला मोठ्यानं रडू फुटलं. सगळ्यांना वाटलं, पोर दमली, घाबरली.

तेव्हापासून या गावात मी पेवातली हौसा. नव्या सुनांना माझी गोष्ट सांगतात. आत्या आल्यागेल्याला सांगायच्या, "वाघीण हाय माझी सून." त्या मला पुन्हा कधी तेलावरून, पिठावरून, कशावरून एक शब्द बोलल्या नाहीत. तसलं इरकली लुगडं त्यांना पुन्हा कधी मिळालं नाही आणि त्याचंही त्यांनी कधी नाव काढलं नाही. दादा माझ्याशी थेट बोलू लागले, "पोरी" म्हणू लागले. मी हे सगळं घेतलं. मान खाली घालून ऐकून घेत राहिले, आणि लोक म्हणाले, बघा, एवढं करून किती साधी आहे.

खरं असं आहे की त्या सकाळी मी कंदील काठोकाठ भरला होता. दादा पेवात उतरायचे, कंदील मध्येच विझायला नको, म्हणून डब्यात होतं तेवढं सगळं रॉकेल ओतलं होतं. आत्यांनी विचारल्यावर "बोटभर" म्हणाले ते शिव्या चुकवायला. एवढंच. कंदील वर आला आणि मी उचलला तेव्हा तो जड होता. आत तेल हललेलं माझ्या हाताला कळलं. चुलीपर्यंत जाऊन परत यायला जितका वेळ लागतो तितका वेळ मला ठाऊक होतं की पेवात वाफ आहे. परत येऊन मी रिकामा डबा उपडा करून दाखवला. "तेल हाय" एवढे दोन शब्द बोलायचे होते. आत्या बघत होत्या. मला वाटलं, दादा थोडा वेळ तरी थांबतील. वाटलं, वाऱ्यानं विझला असेल. आणि ते आत उतरले तरी मी गप्प होते.

चौतीस वर्षं मी हे कुणाला सांगितलं नाही, रेवणनाही नाही. आत्या गेल्या, अक्काही गेल्या. गेल्या दिवाळीनंतर दादा आजारातून उठले, तेव्हा सकाळी ओट्यावर उन्हाला बसायचे आणि मी शेजारी शेंगा फोडत असायचे. त्यांचं वय झालं होतं, माझंही झालं. एक दिवस नातवाच्या मास्तरांनी येऊन माझी ती गोष्ट विचारली, शाळेत सांगायला हवी म्हणाले. ते गेल्यावर माझ्या हातून शेंग फुटेना.

"दादा," मी म्हणाले, "त्या दिवशी कंदिलात तेल हुतं. भरून हुतं. मला म्हाईत हुतं."

दादा उन्हाकडे तोंड करून बसले होते. मला वाटलं, आता उठून आत जातील आणि माझ्याशी पुन्हा बोलणार नाहीत.

"कंदील वर कुणी वढला हुता, पोरी?" ते म्हणाले.

"तुमी."

"मग? दोरीला वजन लागत न्हाई व्हय?"

त्यांनी एक शेंग उचलली आणि बोटांत फिरवत राहिले.

"मग उतरला कशाला?" मी शेवटी विचारलं.

"ढग आला हुता. मी न्हाई म्हटलं असतं तर रेवण गेला असता, त्यो ऐकणारा न्हवता. म्हटलं, चार पाट्या भरंपतूर दम निघंल." त्यांनी शेंग दुसऱ्या हातात घेतली. "घरात सात माणसं हुती गं. पोरींची हाडं दिसत हुती."

गल्लीतून कुणाची तरी मोटरसायकल गेली.

"मी धाडस बिडस काय केलं न्हाई, दादा," मी म्हणाले. "तुमी मेला असता तर ते माझ्या हातनं झालं असतं. त्या भ्यानं उतरले. लोक उगं वाघीण म्हणत्यात."

दादांनी शेंग फोडली. एक दाणा माझ्या हातावर ठेवला, दुसरा स्वतःच्या तोंडात टाकला.

"मग मी काय निराळा उतरलो व्हय?" ते म्हणाले.